काळजी कुणाची, किंमत कुणाच्या माथी: अपहरणाच्या जपानी मालिका दहा भाग कशा तगतात

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: ठाण्यातल्या एका बिल्डरची नऊ वर्षांची मुलगी शाळेच्या दारातून पळवली जाते, ५ कोटींची खंडणी मागितली जाते, आणि त्यावर दहा भागांची मराठी वेब मालिका लिहायची आहे. पहिले तीन भाग घट्ट बसले, चौथ्यापासून सगळं ढिलं पडतंय. याच विषयावर जपानी मालिका दहा-अकरा भाग ताण कसा टिकवतात, असं तुम्ही विचारलंय. सोबत आराखडाही दिलात हे बरं केलंत, कारण उत्तर त्यातच सापडतं.

तुमच्या आराखड्यात पहिल्या भागापासून दहाव्यापर्यंत काळजी करणारी माणसं तीच आहेत, आई आणि वडील. मागणीही तीच, ५ कोटी. या दोन गोष्टी जागच्या हलल्या नाहीत की लेखकाला पाठलाग, मारामाऱ्या आणि फितूर नोकर आणावे लागतात. तुमच्या चौथ्या भागापासून तेच सुरू झालंय. मुलगी सुटेल का, हा एकटा प्रश्न तीन भागांपेक्षा जास्त ओझं पेलत नाही. चांगले जपानी पटकथाकार अपहरण मांडताना काळजी एका माणसाकडून दुसऱ्याकडे सरकवत राहतात आणि दर वेळी किंमत वेगळ्याच कुणाला तरी मोजायला लावतात. पटकथा तपासताना मी प्रत्येक प्रसंगासमोर दोन रकाने आखतो: काळजी कुणाला, किंमत कुणाला. सलग पाच-सहा प्रसंगांत दोन्ही रकान्यांत तीच नावं आली, तर संवाद कितीही धारदार असोत, तिथे प्रेक्षक मोबाइल हातात घेणार.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, त्या आधी सांगतो. जपानमधल्या बहुतेक मालिका तीन महिन्यांच्या हंगामात दर आठवड्याला एक अशा येतात. दोन भागांमधल्या सात दिवसांत प्रेक्षक गुन्हेगार कोण यावर तर्क लढवतात. या खेळाला तिकडे ‘कोसात्सु’ म्हणतात. तुमचे दहाही भाग एकाच दिवशी येणार असतील, तर केवळ संशयितांची यादी वाढवून ताण मिळणार नाही, कारण उत्तर पुढच्या बटणावर असतं. दुसरं, कथेचा काळ. १९८० सालचा फोन आणि आजचा फोन यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. तिसरं, गुन्हेगार कोण हे प्रेक्षकाला सुरुवातीलाच कळू द्यायचं की शेवटी. दोन्ही चालतं, पण मधूनच बदलता येत नाही.

आता मुळाकडे जाऊ. खंडणीसाठी जपानी शब्द आहे ‘मिनोशिरोकिन’, म्हणजे देहाच्या बदल्यातलं धन. जपानी दंड संहितेत खंडणीसाठीच्या अपहरणाचं वेगळं कलम, २२५ चं उपकलम २, १९६४ मध्ये आलं. शिक्षा जन्मठेप किंवा किमान ३ वर्षांचा कारावास. पटकथाकाराच्या दृष्टीने त्याची शब्दरचना फार मोलाची आहे. नातेवाइकाच्या, किंवा पळवलेल्या माणसाच्या सुखरूपतेची काळजी करणाऱ्या इतर कुणाच्या, काळजीचा फायदा घेऊन मालमत्ता मिळवणं, असा तो गुन्हा आहे. म्हणजे कायद्याने गुन्ह्याच्या मध्यभागी काळजीच ठेवली. मग काळजी करणारा ‘इतर कुणी’ म्हणजे नेमका कोण? १९८७ मध्ये एका बँकेच्या अध्यक्षाच्या अपहरणाच्या खटल्यात जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने बँकेचे वरिष्ठ अधिकारीही त्यात धरले. मालक, सहकारी, शेजारी, शिक्षक अशा सगळ्यांना कथेत ओढायची वाट या एका शब्दप्रयोगातून निघते.

हे कलम येण्याआधीच एका चित्रपटाने हा प्रश्न मांडला होता. अकिरा कुरोसावा यांचा ‘तेंगोकु तो जिगोकु’, म्हणजे ‘स्वर्ग आणि नरक’, १ मार्च १९६३ रोजी प्रदर्शित झाला. आधार होता एड मॅकबेन यांच्या १९५९ च्या ‘किंग्ज रॅन्सम’ या अमेरिकी कादंबरीचा. जपानी टीव्हीवरच्या अपहरणकथा आजही याच चित्रपटाशी बोलत असतात. २००७ मध्ये तो ओतारू शहरात घडवून टीव्हीसाठी पुन्हा केला गेला. ‘ओदोरु दाइसोसासेन’ या पोलीस मालिकेच्या १९९८ च्या चित्रपटातही त्यातल्या रंगीत धुराला (त्याविषयी पुढे येईलच) उघड सलाम आहे. आपल्याकडे विनोद खन्नांचा १९७७ चा ‘इन्कार’ याच कथेवरून आला, म्हणून सांगाडा तुमच्या ओळखीचा असेल. बुटांच्या कंपनीतला अधिकारी गोंदो घरदार गहाण टाकून कंपनी ताब्यात घेण्यासाठी पैसे उभे करतो. त्याच रात्री फोन येतो: तुमचा मुलगा आमच्याकडे आहे, ३ कोटी येन द्या. तो लगेच तयार होतो. तेवढ्यात मुलगा खोलीत येतो. चोराने चुकून ड्रायव्हरचा मुलगा नेलेला असतो, आणि पैसे मात्र गोंदोनेच द्यावेत ही मागणी कायम राहते.

आता हे दोन रकान्यांत बसवून बघा. एका क्षणात काळजी गोंदोकडून ड्रायव्हरकडे गेली, किंमत गोंदोकडेच राहिली. त्यानंतरचा बराच वेळ कॅमेरा एका दिवाणखान्यातून हलत नाही, तरी नजर हटत नाही. ड्रायव्हर मालकासमोर गुडघ्यांवर बसतो, बायको नवऱ्याकडे बघते, सहाय्यक पैशांचा हिशोब करतो, आणि पोलीस कोपऱ्यात गप्प बसून सगळं ऐकतात. पोलीसही कसे येतात, तर दुकानातून माल पोचवणाऱ्यांच्या वेषात, कारण टेकडीवरचं घर चोराला खालून दिसतंय. पहिल्या भागात तुम्ही वाजते सायरन आणि चार गाड्या दाखवल्या आहेत. त्या काढा. मुलगी जिवंत असताना पोलिसांचं घरात असणं हाच सर्वात मोठा धोका आहे, आणि तो फुकट मिळणारा ताण तुम्ही पहिल्याच मिनिटाला घालवताय.

चित्रपटाच्याच महिन्यात, ३१ मार्च १९६३ रोजी, टोकियोच्या ताइतो भागातून चार वर्षांच्या एका मुलाला खरोखर पळवलं गेलं. मागणी होती ५ लाख येनची. नोटांचे क्रमांक पोलिसांनी नोंदवले नव्हते, आणि पैसे ठेवल्यावर त्या जागेभोवती माणसं पोचायला उशीर झाला. तेवढ्यात गुन्हेगार पैसे घेऊन निसटला. मुलगा परत आला नाही. गुन्हेगाराचा फोनवरचा आवाज रेडिओ-टीव्हीवरून देशभर ऐकवला गेला, तरी उलगडा व्हायला १९६५ चा जुलै उजाडला. मघाशी सांगितलेलं कलम १९६४ मध्ये आलं, आणि त्याच वर्षी टोकियो पोलिसांनी अशा गुन्ह्यांसाठी खास तुकडी उभी केली. तीच पुढे ‘एसआयटी’ म्हणून मालिकांमधून दिसू लागली. २००८ ची र्‍योको योनेकुरा यांची ‘कोशोनिन’ ही वाटाघाटी करणाऱ्या महिला अधिकाऱ्याची मालिका याच तुकडीत घडते. तिकडे अपहरणकथा इतक्या का, याचं उत्तर मला इथे दिसतं. त्या वर्षी चित्रपट आणि खरी घटना एकमेकांना चिकटून आले, आणि फोनवरचा तो आवाज घराघरात ऐकला गेला. खऱ्या घटनेवरून लिहिताना तिच्यातलं मूल आणि त्याचं घर मात्र वापरू नका. पोलिसांची चूक आणि कायद्यातला बदल एवढंच घ्या, तेवढं पुरेसं असतं.

फोनविषयी. जुन्या पोलीस मालिकांत एक ठरलेला प्रसंग असतो: आई थरथरत बोलतेय, शेजारी अधिकारी हाताने खूण करतोय, ‘अजून थोडं, लांबवा’. याला ‘ग्याकु-तांची’ म्हणतात, फोनचा उलटा माग. यंत्रं जुनी होती तेव्हा टेलिफोन केंद्रातल्या माणसाला जोडणी एका खटक्यावरून दुसऱ्या खटक्यावर शोधत मागे जावं लागे, आणि तोवर फोन चालू राहणं गरजेचं होतं. म्हणून ते घड्याळ खरं होतं. केंद्रं डिजिटल झाली आणि ते संपलं. फेब्रुवारी १९९८ पासून तर जपानभर फोन करणाऱ्याचा क्रमांक साध्या घरगुती फोनवरही दिसू लागला. आजच्या काळातल्या कथेत ‘अजून वीस सेकंद बोलत राहा’ लिहिलंत तर प्रेक्षकाचा विश्वास तिथेच उडेल. तुमच्या दुसऱ्या भागात हा प्रसंग आहे.

मग आता घड्याळ कुठून आणायचं? क्रमांक कळला म्हणजे माणूस कळला असं होत नाही. फोन मुलीचाच असू शकतो, सिम तिसऱ्याच्या नावावर असू शकतं. आजचा खरा ताण मेसेजच्या खुणेत आहे. जपानमध्ये लाइन या ॲपवर ‘वाचलं’ अशी खूण उमटते, आपल्याकडे व्हॉट्सॲपवर दोन निळ्या रेषा येतात. आईने लिहिलं, ‘तिला दम्याचं औषध लागतं.’ समोरून वाचलं गेलं. उत्तर नाही. एक तास, दोन तास. हा ताण फोन लांबवण्यापेक्षा जास्त जीवघेणा आहे, कारण आईने काय चुकीचं लिहिलं हे तिचं तिलाच शोधत बसावं लागतं. आणि प्रत्यक्ष आवाज येईल तेव्हा त्यामागे काय ऐकू येतंय ते ठरवून ठेवा. कुरोसावांच्या चित्रपटात टेपमधल्या आवाजामागे एनोदेन या छोट्या रेल्वेचा आवाज सापडतो आणि शोधाची दिशा ठरते. ठाण्यात असे ओळखता येणारे आवाज कमी नाहीत.

आता पैशांकडे. बहुतेक पटकथा इथे कोसळतात, म्हणून जरा थांबू. पकडलं जाण्याची सर्वात मोठी भीती अपहरणकर्त्याला मूल उचलताना नसते, पैसे उचलताना असते. बाकी सगळं तो लांबून करू शकतो. पैशांपाशी त्याला किंवा त्याच्या माणसाला यावंच लागतं. म्हणून पैसे घेण्याचा प्रसंग आधी लिहावा आणि बाकीचा गुन्हा त्यावरून मागे मागे रचत जावा.

पहिली पायरी, वजन आणि आकार. १० हजार येनची नोट १६ सेंटीमीटर लांब, ७.६ सेंटीमीटर रुंद, वजनाला साधारण १ ग्रॅम. शंभर नोटांचं पुडकं म्हणजे १० लाख येन, जाडी साधारण १ सेंटीमीटर. १ कोटी येन म्हणजे १ किलो, १० कोटी येन म्हणजे १० किलो, आणि एकावर एक रचले तर मीटरभर उंचीचा ढीग. १९८४ च्या मार्चमध्ये ग्लिको कंपनीच्या अध्यक्षांना पळवून नेलं, तेव्हा मागणी होती १०० कोटी येन आणि १०० किलो सोन्याची. म्हणजे १ लाख नोटा, १०० किलो, आणि वर १०० किलो सोनं. एकूण २०० किलो. १ कोटी येनला १ किलो हे प्रमाण एकदा मनात पक्कं केलं की चूक होत नाही. असं ओझं एकटा माणूस उचलून पळू शकत नाही, त्यासाठी गाडी आणि साथीदार लागतात. अध्यक्ष तीन दिवसांनी स्वतःच निसटले, ती देवाणघेवाण झालीच नाही. पुढे त्याच टोळीने कंपन्यांना धमकावताना एका ठिकाणी चिठ्ठी, तिथून पुढच्या ठिकाणी दुसरी चिठ्ठी, असा पैसे आणणाऱ्याला फिरवण्याचा प्रकार केला. मुलांच्या आवाजातल्या टेपही वापरल्या. जपानी मालिकांतला ‘आता पुढच्या स्टेशनवर उतर’ हा खेळ तुम्हाला इतका ओळखीचा वाटतो, त्यामागे हाही एक धागा आहे.

तुमच्या तिसऱ्या भागात वडील ५ कोटी रुपये पाठीवरच्या सॅकमधून नेतात. मे २०२३ पासून २००० ची नोट मागे घेतली गेल्यामुळे ५०० ची नोट सर्वात मोठी. ५ कोटी म्हणजे १ लाख नोटा, १००० पुडकी, १०० किलोच्या घरात. सॅक सोडाच, चार माणसं लागतील. रक्कम ५० लाखांवर आणलीत तर १०० पुडकी, १० किलोच्या आसपास, एका सॅकमध्ये बसतं. किंवा ५ कोटीच ठेवा आणि ओझं हीच अडचण करा: वडिलांचा खांदा निखळतोय, लिफ्ट बंद आहे, वेळ संपत आली आहे.

दुसरी पायरी, पैसे आणणारा कोण. चोराने नाव घेऊन माणूस मागितला पाहिजे, म्हणजे वेषांतर केलेला पोलीस पाठवता येत नाही. तिसरी, त्या माणसाला पोलिसांपासून तोडणारी एखादी भौगोलिक गोष्ट. १९६३ च्या चित्रपटातली योजना आजही शिकवण्यासारखी आहे. पैसे ७ सेंटीमीटरपेक्षा जाड नसलेल्या पिशव्यांत भरून कोदामा एक्स्प्रेसमध्ये बसायचं. गाडीच्या फोनवर निरोप येतो की नदीच्या पुलाजवळ मूल दिसेल, ते बघून पिशव्या स्वच्छतागृहाच्या खिडकीतून फेका. वातानुकूलित गाडीच्या बाकी खिडक्या उघडत नाहीत आणि ती एक खिडकी ७ सेंटीमीटरच उघडते. गाडी मधे थांबत नाही, त्यामुळे डब्यातले पोलीस आठ मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने चित्रण करण्याखेरीज काही करू शकत नाहीत. जाडीची अट ऐकताना विचित्र वाटते, खिडकीपाशी पोचल्यावर तिचा अर्थ कळतो. चौथी पायरी, मागे काय उरतं. पोलिसांनी पिशवीच्या अस्तरात एक पदार्थ घातलेला असतो, जाळला की गुलाबी धूर येणारा. चोराच्या योजनेला पोलिसांचं असं उत्तर हवंच, नाहीतर पोलीस मूर्ख ठरतात आणि मग चोराच्या हुशारीलाही काही मोल राहत नाही.

आणखी एक लहान प्रसंग फार उपयोगी पडतो: नोटांचे क्रमांक नोंदवणं. १९६३ च्या खऱ्या घटनेत ते राहून गेलं होतं, म्हणून नंतरच्या कथांत पोलीस रात्रभर जागून नोटांचे फोटो घेताना दिसतात. एकीकडे आई ‘लवकर करा’ म्हणतेय आणि दुसरीकडे चार माणसं हजारो नोटा उलटतायत. काही न घडणारा हा प्रसंग प्रेक्षकाला खुर्चीच्या कडेला आणतो.

जपानची म्हणावी अशी एक खास गोष्ट आहे ‘होदो क्योतेई’, बातमी रोखण्याचा करार. १९६० मध्ये एका अपहरणात वृत्तपत्रांतल्या बातम्यांमुळे गुन्हेगार घाबरला आणि मुलाचा जीव गेला, त्या धक्क्यातून ही पद्धत उभी राहिली. १९७० मध्ये वृत्तपत्र संघटनेने तिचे नियम लिहून काढले. मूल धोक्यात असेपर्यंत माध्यमं काहीही छापत किंवा दाखवत नाहीत, बदल्यात पोलीस त्यांना तपासाची माहिती वेळोवेळी देतात. म्हणजे शेकडो पत्रकारांना सगळं माहीत आहे आणि कुणीच बोलत नाही. करार उठला की काय होईल, या टांगत्या तलवारीवर अख्खा भाग उभा राहतो.

हे सर्वात खोलवर वापरलंय हिदेओ योकोयामा यांच्या २०१२ च्या ‘रोकुयोन’ म्हणजे ‘६४’ या कादंबरीने. जपानच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेने, एनएचकेने, २०१५ मध्ये तिची पाच भागांची मालिका केली. शोवा कालगणनेचं, म्हणजे सम्राटाच्या कारकिर्दीवरून मोजलेलं, ६४ वं वर्ष फक्त सात दिवसांचं होतं, १ ते ७ जानेवारी १९८९. सम्राट गेले आणि वर्ष संपलं. त्या सात दिवसांत एका मुलीचं अपहरण होतं, २ कोटी येन जातात, मुलगी मारली जाते, आणि सम्राटांच्या निधनाच्या बातम्यांखाली ते सगळं गाडलं जातं. कथा सुरू होते चौदा वर्षांनी. तेव्हाच्या कायद्यात खुनाच्या खटल्याला १५ वर्षांची मुदत होती, म्हणजे एकच वर्ष हाताशी आहे. नायक पोलिसांचा माध्यम अधिकारी आहे, आणि त्याची स्वतःची मुलगी घर सोडून गेलीय. घरी फोन वाजतो, पलीकडे कुणी बोलत नाही, आणि ती मुलगीच असेल असं आई-बाप धरून चालतात. (रहस्य जपायचं असेल तर पुढची दोन वाक्यं सोडा.) ते मुके फोन अनेक घरांत आलेले असतात. मारल्या गेलेल्या मुलीचा बाप वर्षानुवर्षं टेलिफोन डिरेक्टरीतला एकेक क्रमांक फिरवत गुन्हेगाराचा आवाज शोधत असतो. काळजी एका बापाकडून दुसऱ्या बापाकडे फोनच्या तारेतून गेलेली इतकी नेमकी दुसरीकडे कुठे मी पाहिलेली नाही.

इथवरचं थोडक्यात: फोनचं घड्याळ काळानुसार बदला, पैशांचं वजन मोजा, आणि घराबाहेरचं एखादं वर्तुळ, पत्रकार असोत वा शेजारी, त्या गुपितात अडकवा.

आता दहा भागांचा प्रश्न. त्याचं सर्वात सरळ उत्तर टीबीएस या जपानी वाहिनीच्या २०२२ मधल्या ‘माय फॅमिली’त आहे. पटकथा त्सुतोमु कुरोइवा यांची, प्रमुख भूमिकांत काझुनारी निनोमिया आणि मिकाको ताबे. गेम कंपनीच्या मालकाची मुलगी पळवली जाते, मागणी ५० कोटी येन. नवरा-बायकोचं नातं आधीच वाळलेलं आहे, आणि मुलीसाठी त्यांना पुन्हा एकमेकांवर विश्वास ठेवावा लागतो. ही मालिका पहिलं अपहरण सुरुवातीच्या भागांतच मिटवते. मग मित्राची मुलगी पळवली जाते आणि वाटाघाटीसाठी चोर याच बापाचं नाव घेतो. काळजी मित्राकडे गेली, जोखीम मात्र याच्याच गळ्यात. एकदा सुटलेला माणूस पुन्हा त्याच खोलीत परततो, तेही आता त्याला सगळं माहीत असताना. तुम्ही जो प्रश्न दहा भाग ताणताय, तो या मालिकेने लवकर सोडवून टाकला आणि त्यामुळेच तिला पुढचे भाग मिळाले.

दुसरा मार्ग म्हणजे काळजीच पळवणाऱ्याच्या हाती देणं. युजी साकामोतो यांनी लिहिलेल्या २०१० च्या ‘मदर’मध्ये मुरोरानमधली शिक्षिका घरी छळ सोसणाऱ्या विद्यार्थिनीला घेऊन निघून जाते. मुलगी समुद्रात बुडाली असं भासवलं जातं, तिला नवं नाव मिळतं. यासुको मात्सुयुकी आणि लहानगी माना आशिदा यांचं काम बघताना आपण पोलिसांनाच घाबरायला लागतो. त्याच वर्षी एनएचकेने मित्सुयो काकुता यांच्या कादंबरीवरून ‘योकामे नो सेमी’ सहा भागांत केली: एक स्त्री प्रियकराचं तान्हं बाळ उचलून पळते आणि शोदोशिमा बेटावर त्याची आई होऊन राहते. कायद्याने दोन्ही ठिकाणी गुन्हा आहेच. खंडणी नसली तरी अल्पवयीनाला नेण्यासाठी कलम २२४ मध्ये ३ महिने ते ७ वर्षं शिक्षा आहे. इथे ताण अगदी घरगुती गोष्टींत असतो. मूल तापलं आणि दवाखान्यात कार्ड मागितलं. शाळेत नाव घालायचंय, दाखला नाही. शेजारणीने फोटो काढला. प्रत्येक चांगल्या दिवसाची किंमत खऱ्या आईच्या नावावर चढत असते, आणि ‘योकामे नो सेमी’ तिलाही दूर लोटत नाही, म्हणून ती इतकी बोचते.

तिसऱ्या मार्गावर फार थांबत नाही. २०१९ ची ‘सान-नेन ए-गुमी’, जिच्या उपशीर्षकातच ‘आतापासून तुम्ही सगळे ओलीस आहात’ असं आहे, तिच्यात मासाकी सुदा यांनी केलेला शिक्षक निरोप समारंभाला दहा दिवस उरले असताना २९ विद्यार्थ्यांना वर्गात कोंडतो. एक भाग, एक दिवस. त्याला पैसे नकोत. मरण पावलेल्या वर्गमैत्रिणीची काळजी कुणी केली होती, याचं उत्तर हवंय. कालमर्यादा पक्की असेल तर ही रचना चालते, नाहीतर ती नाटकी होते.

चुका बहुतेक ठिकाणी सारख्याच दिसतात. मूल केवळ वस्तू होऊन बसतं. नऊ वर्षांची मुलगी विचार करते, मोजते, खोटं बोलते, पहारेकऱ्याशी भांडते, तिला प्रसंग द्या. घरातलाच माणूस फितूर निघणं इतकं झालंय की प्रेक्षक पहिल्या भागात त्याच्याकडे बोट दाखवतो. गुन्हेगाराचं शेवटी समुद्रकड्यावर उभं राहून केलेलं लांबलचक निवेदन ही दोन तासांच्या सस्पेन्स नाटकांची खूण. एका रात्रीत संपणाऱ्या कथेत ते शोभायचं, दहा भाग बघितलेल्या माणसाला ते कळलेलंच असतं. आणि साथीदाराला मन बदलायला कारणच नसतं. जपानी कायद्यात खटला दाखल होण्यापूर्वी ओलिसाला सुरक्षित जागी सोडलं तर शिक्षा कमी होते, त्यामुळे टोळीतल्या दुबळ्या माणसाच्या मनात एक दार किलकिलं राहतं. आपल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम १४०(२) मध्ये खंडणीसाठीच्या अपहरणाला फाशी किंवा जन्मठेप आहे आणि त्या कलमात असं दार नाही. तुमच्या साथीदाराला परत फिरायचं कारण माणसातच शोधावं लागेल.

तुमच्या आराखड्यात मी काय बदलेन ते सांगतो. सायरन आणि फोनचा माग काढून टाका. तिसऱ्या भागात पैसे देण्याचा पहिला प्रयत्न फसू द्या, पोलिसांच्या चुकीने नव्हे, वडिलांनी पोलिसांपासून लपवलेल्या एका गोष्टीमुळे. चौथ्यात काळजी शाळेच्या व्हॅनच्या चालकाच्या घरात न्या. तो तुमच्याकडे आहेच, पण फक्त संशयित म्हणून. त्याला चौकशीसाठी उचलल्यावर त्याची बायको रात्री चौकीबाहेर बसते. तिचाही माणूस कुणीतरी नेलाय आणि तिला कुणी काही सांगत नाही. पाचव्यापासून किंमत सरकवा. बिल्डरकडे ५ कोटी रोख नाहीत, पण घरं नोंदवलेल्या लोकांचे पैसे आहेत. रेरा कायद्यानुसार त्यातले ७० टक्के वेगळ्या खात्यात त्याच प्रकल्पासाठी राखावे लागतात. बापाने त्या खात्याला हात लावला की मुलीची किंमत दोनशे अनोळखी कुटुंबं मोजायला लागतात. त्यातलं एक कुटुंब तपास अधिकाऱ्याचं असेल तर सहावा आणि सातवा भाग आपोआप लिहून होतील. आठव्यात मुलीवर पहारा देणाऱ्या बाईकडे या, तोवर तिला मुलीच्या दम्याचं औषध कुठल्या वेळेला द्यायचं ते पाठ झालेलं असेल. नववा आणि दहावा आत्ता ठरवू नका.

बघण्याचा क्रम असा ठेवा: आधी १९६३ चा चित्रपट, मग ‘रोकुयोन’, मग ‘माय फॅमिली’चे पहिले चार भाग सलग, आणि शेवटी ‘मदर’. हातात दोन रकान्यांचा कागद ठेवा आणि नाव बदललं की वेळ लिहा. तोच कागद मग तुमच्या चौथ्या भागाशेजारी ठेवून बघा.